सपाट चित्रावर उजेड कसा पडतो : सर्जिओ पाब्लोस आणि ‘क्लाऊस’

नेटफ्लिक्सवर ‘क्लाऊस’ पाहिलेल्या दहा जणांना विचारा, हा सिनेमा कसा बनवला असेल? बहुतेक जण सांगतील, कॉम्प्युटरवर, थ्री-डीमध्ये. त्यांचं चुकतं असं म्हणवत नाही, कारण पडद्यावर दिसतं तेच. गालांना गोलाई आहे, दिव्याच्या बाजूचा कान उजळलेला आहे, नाकाची सावली ओठावर पडली आहे, मागून येणाऱ्या उजेडानं केसांच्या कडा चमकतायत. पण यातलं जवळजवळ प्रत्येक पात्र माणसांनी हातानं, रेघ रेघ करून काढलेलं आहे. कागदाऐवजी डिजिटल पाटी आणि पेन्सिलीऐवजी स्टायलस वापरला, एवढाच फरक. बाकी पद्धत आपल्या लहानपणीच्या कार्टूनचीच.

मग ती गोलाई आली कुठून? हे समजून घ्यायचं तर सर्जिओ पाब्लोस या स्पॅनिश चित्रकाराचं आयुष्य थोडं मागून बघावं लागतं. त्याला हा प्रश्न पडायला वीसेक वर्षं लागली, आणि उत्तर सापडलं तेव्हा तो पन्नाशीला टेकला होता.

पाब्लोसचा जन्म १९७० सालचा, बार्सिलोनाचा. या शहराला ॲनिमेशन नवं नाही. अर्तुरो मोरेनो या व्यंगचित्रकारानं ‘गार्बान्सितो दे ला मांचा’ हा पूर्ण लांबीचा रंगीत ॲनिमेशनपट १९४५ साली इथेच तयार केला होता. युरोपातल्या अगदी पहिल्या रंगीत ॲनिमेशनपटांत त्याचं नाव घेतलं जातं. पुढे तोच मोरेनो काम शोधत व्हेनेझुएलाला गेला. स्पेनमधल्या ॲनिमेशनची गत बराच काळ अशीच होती. हात तयार व्हायचे, पण त्यांना पोसेल असा मोठा, टिकणारा स्टुडिओ नसायचा. म्हणून चांगला हात असलेला पोरगा बाहेर जायचा.

पाब्लोसही गेला. कॅलिफोर्नियातल्या ‘कॅलआर्ट्स’ या कलाशिक्षणसंस्थेत शिकला आणि मग डिस्नेच्या पॅरिसच्या स्टुडिओत लागला. डिस्ने पॅरिसमध्ये काय करत होतं? तर पॉल आणि गाएतान ब्रिझी या जुळ्या भावांचा तिथला स्टुडिओ डिस्नेनं १९८९ साली विकत घेतला होता, आणि अमेरिकेतल्या मोठ्या सिनेमांचं बरंच काम तिकडे व्हायचं. ‘अ गूफी मूव्ही’ (१९९५) आणि ‘द हंचबॅक ऑफ नोत्र दाम’ (१९९६) हे पाब्लोसचे सुरुवातीचे सिनेमे. पॅरिसच्या चर्चची गोष्ट पॅरिसमध्ये बसून रंगवायला मिळणं, म्हणजे नशीबच म्हणायचं.

इथे ॲनिमेटर नेमकं करतो काय, ते सांगायला हवं, कारण ‘चित्रं काढतो’ म्हटलं की अर्धंच कळतं. सिनेमाच्या एका सेकंदात चोवीस फ्रेम असतात. हातानं काढताना बहुतेक वेळा एक चित्र दोन फ्रेम धरतात, म्हणजे सेकंदाला बारा चित्रं. ॲनिमेटर आधी त्यातली कळीची चित्रं काढतो. पात्र खुर्चीतून उठतंय, तर बसलेलं, पुढे झुकलेलं, उभं. मधली चित्रं इतर चित्रकार भरतात. मग सगळ्या खरबरीत रेघा पुसून एकसारखी स्वच्छ रेघ काढतात आणि नंतर रंग भरतात. पण खरी गंमत रेघेत नाही, अभिनयात आहे. उठताना त्या पात्राला गुडघेदुखी आहे, की राग आलाय, की उठण्याचं नाटक करून परत बसायचंय, हे सगळं त्या तीन-चार चित्रांत यावं लागतं. ॲनिमेटर हा पेन्सिल हातात घेतलेला नट असतो.

डिस्नेत एका महत्त्वाच्या पात्राची जबाबदारी एका मुख्य ॲनिमेटरकडे असायची. त्याच्या हाताखाली चार-सहा जण, आणि ते पात्र सिनेमाभर एकसारखं दिसावं, एकसारखं वागावं ही त्याची जोखीम. पाब्लोसकडे ‘टारझन’मध्ये (१९९९) टँटर आला. अवाढव्य हत्ती, पण पाण्यात पाय घालायलाही घाबरणारा. पुढे ‘ट्रेझर प्लॅनेट’मध्ये (२००२) डॉक्टर डॉप्लर आला. कुत्र्यासारखा लांब चेहरा, बोलणं विद्वानाचं आणि हातून सतत काहीतरी पडतंय. दोन्ही पात्रांत एक साम्य आहे : शरीर एक सांगतं आणि स्वभाव भलतंच. अशी पात्रं रंगवणं अवघड, कारण विनोद संवादात नसतो, तो शरीर आणि स्वभाव यांच्यातल्या विसंगतीत असतो. ‘क्लाऊस’मधला तो काडीसारखा लुकडा पोस्टमन आणि दारात न मावणारा म्हातारा पाहिला की टँटर आणि डॉप्लरवर घासलेला हात ओळखू येतो.

हे दोन सिनेमे आणखी एका कारणासाठी लक्षात ठेवा. ‘टारझन’साठी डिस्नेनं ‘डीप कॅनव्हास’ नावाचं तंत्र बनवलं. त्यात चित्रकारानं रंगवलेलं जंगल थ्री-डी आकारांवर चढवलं जायचं, त्यामुळे कॅमेरा फांद्यांमधून सुसाट जाऊ शकायचा. टारझन झाडाच्या फांदीवरून घसरत जातो तेव्हाचं ते जंगल आठवतंय? ते हेच. म्हणजे मागचं जग खोल झालं, त्यात उजेड-सावली आली. पण त्या जगात फिरणारा टारझन मात्र तसाच राहिला, रेघेच्या आत भरलेला सपाट रंग. फार तर सावलीची एक गडद पट्टी.

ही अडचण हातानं काढलेल्या ॲनिमेशनइतकीच जुनी आहे. मागचं दृश्य एकदाच रंगवायचं असतं, त्यामुळे चित्रकार त्यावर आठवडा घालवू शकतो. त्यात संध्याकाळ आणू शकतो, धुकं आणू शकतो. पात्र मात्र सेकंदाला बारा वेळा रंगवायचं. प्रत्येक चित्रात गालाची गोलाई रंगवत बसलं तर सिनेमा पुरा व्हायचा नाही. शिवाय दर चित्रात सावलीची कड केसभर जरी सरकली तरी पडद्यावर ती थरथरते आणि डोळ्यांना त्रास होतो. म्हणून तडजोड ठरून गेली : मागचं दृश्य रंगवलेलं आणि पात्र सपाट. आपल्या डोळ्यांना त्याची इतकी सवय झालीय की खटकत नाही. पण एकदा कुणी दाखवून दिलं की पात्र देखाव्यावर स्टिकर चिकटवल्यासारखं दिसायला लागतं.

यावर उपाय कुणी केलाच नव्हता असं नाही. ‘हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट’मध्ये (१९८८) खऱ्या माणसांबरोबर कार्टून वावरतात. तिथे कार्टूनवर खऱ्या खोलीतला उजेड पडायलाच हवा होता, म्हणून सावल्या आणि उजेड यांचे वेगळे थर हातानं काढून छपाईच्या वेळी एकत्र केले. दिसलं अप्रतिम. पण अशी मेहनत दर सिनेमाला परवडणारी नव्हती.

आणि मग तो प्रश्न सोडवायची वेळ येण्याआधीच दुकान बंद झालं. १९९५ला ‘टॉय स्टोरी’ आला होता. थ्री-डीमध्ये पात्राचा आकार कॉम्प्युटरमध्ये घडवलेला असतो आणि दिवा कुठे ठेवायचा ते सांगितलं की उजेड-सावलीचा हिशोब मशीन करतं. प्रेक्षक त्यावर फिदा झाले. ‘ट्रेझर प्लॅनेट’ तिकीटबारीवर साफ आपटला. २००३ला डिस्नेनं पॅरिसचा स्टुडिओ बंद केला. २००४च्या ‘होम ऑन द रेंज’नंतर तर हातानं काढलेले सिनेमे संपले, असंच धरून चालले सगळे. नंतर दोन-एक प्रयत्न झाले, पण ती गाडी परत रुळावर आली नाही. तीस-तीस वर्षं पेन्सिल धरलेल्या लोकांना माउस धरायला सांगितलं गेलं. अनेकांना तेही नाही. पडलेल्या सिनेमांच्या गोष्टी कच्च्या होत्या की नाही, यावर फारशी चर्चा झाली नाही. खापर पेन्सिलीवर फुटलं. मला हा निव्वळ अन्याय वाटतो, पण धंद्यात असं होतं.

पाब्लोस स्पेनला परतला आणि माद्रिदमध्ये त्यानं स्वतःचा स्टुडिओ काढला. आज तो ‘एसपीए स्टुडिओज’ म्हणून ओळखला जातो. पोट भरण्यासाठी दुसऱ्यांच्या सिनेमांची पात्रं घडवून दे, थोडं ॲनिमेशन करून दे, अशी कामं घेतली. आणि जोडीला कल्पना रचायला लागला.

त्यातली एक कल्पना अशी : जगातला सगळ्यात मोठा खलनायक व्हायची इच्छा असलेला एक माणूस. ती त्यानं क्रिस मेलेडांड्री या निर्मात्याला विकली. त्यातून २०१०ला ‘डेस्पिकेबल मी’ आला, आणि इल्युमिनेशन या कंपनीचा तो पहिलाच सिनेमा. पिवळे मिनियन्स आज आपल्याकडे दप्तरावर, टिफिनवर, वाढदिवसाच्या केकवर असतात, त्या सगळ्या कारभाराचं मूळ इथे आहे. मिनियन्स मात्र पाब्लोसचे नाहीत. ते सिनेमा प्रत्यक्ष बनवणाऱ्यांच्या डोक्यातून आले. सिनेमाच्या श्रेयनामावलीत ‘मूळ कथा’ म्हणून पाब्लोसचं नाव येतं. २०१८चा ‘स्मॉलफूट’ही त्याच्याच गोष्टीवरून. माणूस हा प्राणी खरंच असतो का, यावर यतींमध्ये वाद चाललाय, अशी ती उलटी कल्पना. तोही दुसऱ्यांनीच बनवला, आणि दोन्ही थ्री-डीमध्ये.

म्हणजे हिशोब बघा. माणूस हातानं काढणाऱ्यांतला, नाव झालं ते गोष्टी विकून, आणि त्या गोष्टी बनल्या त्याच तंत्रात ज्यानं त्याच्या बिरादरीचं काम गेलं होतं. यात कडवटपणा यायला हरकत नव्हती. पाब्लोसनं त्याऐवजी एक सरळ तांत्रिक प्रश्न धरून ठेवला. हातानं काढलेलं ॲनिमेशन नव्वदच्या दशकात थांबलं नसतं, पुढे वाढत राहिलं असतं, तर आज कसं दिसलं असतं? मुलाखतींतूनही तो हेच सांगत आलाय की त्याला जुने दिवस परत आणायचे नव्हते. जिथे काम अडलं होतं तिथून पुढे न्यायचं होतं.

‘क्लाऊस’ हे त्या प्रश्नाचं उत्तर. सांताक्लॉज सांताक्लॉज कसा झाला, याची ही कल्पित गोष्ट. पोस्टखात्याच्या बड्या अधिकाऱ्याचा लाडावलेला मुलगा येस्पर. बाप त्याला उत्तरेकडच्या एका गोठलेल्या, भांडकुदळ गावात धाडतो. अट अशी की वर्षात सहा हजार पत्रं पोचवायची, नाहीतर वारसा विसरायचा. गावात दोन घराणी पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांच्या जिवावर उठलेली, तिथे पत्र लिहिणार कोण? मग येस्परला रानात राहणारा एक मुका-मुका लाकूडतोड्या भेटतो, ज्याच्या घरात खेळण्यांचा ढीग पडलाय. गावाचं नाव स्मीरेन्सबर्ग. नॉर्वेच्या उत्तरेकडच्या स्वालबार्ड बेटांवर सतराव्या शतकात स्मीरेनबर्ग नावाची डच देवमासे-शिकाऱ्यांची वस्ती खरोखर होती, नाव तिथूनच घेतलंय. सिनेमातली सामी या उत्तर युरोपातल्या आदिवासी जमातीची छोटी मुलगी सामी भाषेतच बोलते, आणि तिच्या बोलण्याला सबटायटल दिलेलं नाही. येस्परला कळत नाही, म्हणून आपल्यालाही कळत नाही. मला ही युक्ती फार आवडली.

२०१५ला पाब्लोसच्या स्टुडिओनं एक छोटा नमुना लोकांसमोर ठेवला. पाहणारे चकित झाले, पण पैसे लावायला मोठे स्टुडिओ तयार होईनात. हातानं काढलेला सिनेमा? नवखा दिग्दर्शक? वर ख्रिसमसचा, म्हणजे चालला तर वर्षातले काही आठवडे? शेवटी २०१७ला नेटफ्लिक्सनं तो घेतला. नोव्हेंबर २०१९मध्ये आला तेव्हा नेटफ्लिक्सचा हा पहिला मूळ ॲनिमेशनपट ठरला.

आता त्या उजेडाकडे येऊ. फ्रान्समधल्या आंगुलेम इथल्या ‘ले फिल्म द्यू प्वासाँ रूज’ या कंपनीच्या मदतीनं एक साधन तयार केलं गेलं. ते काय करतं हे कळायला ते काय करत नाही हे आधी कळायला हवं. ते चित्राचं थ्री-डी मॉडेल बनवत नाही. त्याला नाक म्हणजे काय, गाल म्हणजे काय, हे ठाऊक नसतं. उजेड कुठे पडेल याचा हिशोबही ते करत नाही.

समजा, क्लाऊस मेणबत्तीपुढे बसलाय आणि सावकाश मान वळवतोय. ॲनिमेटरनं रेघांची चित्रं पूर्ण केलीत, आत सपाट रंग भरून झालेत : त्वचेचा एक, दाढीचा एक, कोटाचा एक. इथे जुना सिनेमा संपला असता. ‘क्लाऊस’मध्ये इथून प्रकाशयोजना करणाऱ्या चित्रकाराचं काम सुरू होतं. आधी तो अख्ख्या पात्रावर खोलीचा रंग चढवतो. खोली निळसर अंधारी असेल तर त्वचाही निळसर होते. मग मेणबत्तीच्या बाजूचा मुख्य उजेड कुठल्या आकाराचा पडेल, ते तो रंगवतो : कपाळाचा अर्धा भाग, नाकाची एक बाजू, गालफडाचा उंचवटा. मग सावली : भुवईखाली, नाकाखाली, दाढी कोटाला टेकते तिथे. मग टेबलावर आपटून हनुवटीखाली परतणारा मंद उजेड. मागे खिडकी असेल तर खांद्याच्या कडेवर बारीक थंड रेघ. शेवटी थोडा खडबडीत पोत, म्हणजे ब्रशनं रंगवल्यासारखं वाटावं.

हे सगळं तो एका चित्रावर करतो. पुढच्या चित्रात मान थोडी वळलीय. इथे ते साधन कामाला येतं. रेघा कशा सरकल्या हे ते ओळखतं आणि रंगवलेले उजेडाचे आकार त्या रेघांबरोबर पुढे नेतं. जिथे चुकतं तिथे चित्रकार हात घालून आकार दुरुस्त करतो. मान बरीच वळली आणि गालाचा नवाच भाग समोर आला, तर तिथे नव्यानं रंगवतो. म्हणजे ‘इथे उजेड हवा’ हा निर्णय माणसाचा, आणि तो पुढच्या शंभर चित्रांत नेण्याची हमाली मशीनची. दीड तासाच्या सिनेमात सव्वा लाखावर फ्रेम असतात. ही हमाली माणसावर टाकली असती तर सिनेमा आजही अपुराच असता.

हा फरक किरकोळ वाटेल, पण माझ्या मते सगळं यात आहे. थ्री-डीमध्ये दिवा ठेवला की उजेड भौतिकशास्त्राच्या नियमानं पडतो. तो नको तिथे पडला तर फसवाफसवी करून हटवावा लागतो. इथे उलट आहे. उजेड मुळात रंगवलेलाच आहे, त्यामुळे तो खोटं बोलू शकतो. एखाद्या चेहऱ्याचा फक्त एक डोळा उजळायचा असेल आणि तसा दिवा खोलीत कुठेच बसत नसेल, तरी चालतं.

तंत्र तिथेच थांबत नाही. ‘क्लाऊस’मध्ये रेघेचा रंगही उजेडाप्रमाणे बदलतो. जुन्या कार्टूनमध्ये पात्राभोवती एकसारखी गडद रेघ असते, आणि तीच सांगते की हे वेगळं कापून चिकटवलंय. इथे उजेडातली रेघ फिकी होत जवळजवळ विरते, सावलीतली सावलीत मिसळते. पार्श्वचित्रंही याच हिशोबानं रंगवली आहेत, त्यामुळे माणूस कुठे संपतो आणि खोली कुठे सुरू होते हे पटकन सांगता येत नाही. काही वाहनांसाठी थ्री-डीची मदत घेतलीय, पण ती हातानं काढल्यासारखी दिसतील इतकी काळजी घेऊन.

आणि हे सगळं गोष्टीच्या कामाला लावलंय, हे महत्त्वाचं. गाव सुरुवातीला राखाडी-निळं आहे, उजेड जणू गावानं हद्दपार केलाय. पोरांना खेळणी मिळायला लागतात तसे खिडक्यांमधून पिवळे चौकोन बाहेर पडतात आणि अंगणातल्या बर्फावर येतात. क्लाऊस पहिल्यांदा दिसतो तो हातात कुऱ्हाड घेतलेली नुसती आकृती म्हणून. चेहऱ्यावर उजेड पडायला वेळ लागतो, आणि त्याच्याबद्दलची आपली भीतीही तितक्याच वेळात वितळते.

गोष्टीत सगळं आलबेल आहे असं मी म्हणणार नाही. खोटं बोलून सुरू केलेलं काम, मग ते उघडं पडणं, मग पश्चात्ताप, ही वाट फारच मळलेली आहे, आणि पाऊण सिनेमा झाल्यावर पुढचं वळण कुणालाही दिसतं. दोन घराण्यांच्या म्होरक्यांना तर गावभर ओरडत फिरण्यापलीकडे फारसं कामही नाही. पण येस्पर आणि क्लाऊस यांच्यातलं न बोललेलं इतकं नीट काढलंय की बाकीचं पोटात घालता येतं.

बक्षिसं भरपूर मिळाली. ॲनिमेशनसाठीच्या ‘ॲनी’ पुरस्कारांत २०२०ला सात, त्यात सर्वोत्कृष्ट सिनेमाचाही. ब्रिटनचा ‘बाफ्टा’ मिळाला. ऑस्करचं नामांकन मिळालं, पण ते ‘टॉय स्टोरी ४’नं नेलं, पंचवीस वर्षं आधी ज्यानं ही सगळी उलथापालथ सुरू केली त्याच मालिकेनं. घरचा ‘गोया’ही हुकला. स्पेननं तो लुई बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकावरच्या ॲनिमेशनपटाला दिला, आणि तोही हातानं काढलेलाच होता. ज्या देशातून चित्रकार बाहेर जायचे, तिथे एकाच वर्षी असे दोन सिनेमे एकमेकांसमोर उभे होते.

सिनेमा पाहिला नसेल तर आधी सरळ गोष्ट म्हणून बघा, तंत्राकडे लक्ष न देता. मग येस्पर पहिल्यांदा क्लाऊसच्या घरात शिरतो तो प्रसंग परत लावा, आणि मधेच कुठेही थांबवा. चेहऱ्याची कड शोधा, रेघेचा रंग कुठे बदलतो ते बघा, हनुवटीखालचा परतलेला उजेड सापडतो का बघा. त्यानंतर ‘टारझन’मधला कुठलाही प्रसंग तसाच थांबवून शेजारी ठेवा. टँटर आला तर उत्तमच.